नशिराबादच्या प्लॉटवरचं घर

१

चैत्र सरत आला की जळगावला दुपारी रस्त्यावर कुत्रंसुद्धा दिसत नाही. शाळेला सुट्टी, कुलरमध्ये पाणी ओतलेलं, खिडकीला ओली चादर. मी जेवते, एकच ताट घासते आणि यांचा टॅब घेऊन कॉटवर बसते. पन्नाशीला टेकलेली, पोरांना विज्ञान शिकवणारी बाई दुपारभर ठोकळ्यांचा खेळ खेळते, हे शाळेत कळलं तर स्टाफरूमला महिनाभर करमणूक होईल. होऊ दे! माझी दुपार काढून द्यायला त्यांच्यातलं कुणी येत नाही.

हे म्हणजे माझे मिस्टर, समाधान. बांधकामावर सुपरवायझर. जन्म लोकांची घरं उभी करण्यात गेला, आणि आमचा नशिराबादला हायवेच्या आत एक प्लॉट आहे, त्यावर अजून बाभळीच उभ्या आहेत. साइटचे फोटो काढायला म्हणून यांनी जुना टॅब घेतला आणि त्यात हा खेळ सापडला. मातीचे, दगडाचे, लाकडाचे चौकोनी ठोकळे एकावर एक रचायचे आणि पाहिजे ते बांधायचं. यांनी त्यात आमचं प्लॉटवरचं घर बांधलं. पुढे ओटा, पूर्वेला स्वयंपाकघर, मागे मोरी, आणि झोपायची खोली अशी की उन्हाळ्यात वारा आरपार जावा. "खऱ्यात बांधू तेव्हा एक चूक नको," म्हणायचे. मी म्हणायचे, "खऱ्यात बांधाल तोवर माझे गुडघे गेलेले असतील, ओट्याला पायऱ्या कमी करा." यांनी खरंच एक पायरी काढून टाकली.

दोन वर्षांमागे एका सकाळी धुळ्याला जाऊन येतो म्हणून मोटारसायकलवर निघाले. गाडी धुळ्याच्या बसस्टँडवर पार्किंगला मिळाली, नीट स्टँडवर लावलेली. माणूस नाही. पोलिसांना विचारलं की तपास चालू आहे म्हणतात.

आणि आता आखाजी तोंडावर आलीय. अक्षय्य तृतीयेला आमच्या खानदेशात आखाजी म्हणतात. त्या दिवशी घरातल्या गेलेल्या माणसाच्या नावाने घागर भरायची. मातीची घागर, गार पाणी, वर एक डांगर, म्हणजे तुमचं खरबूज, आणि पुढ्यात आमरस-पुरणपोळी. पितराने यावं, पाणी प्यावं, जेवावं आणि तृप्त होऊन जावं. माझी मोठी नणंद भागाबाई, धुळ्याकडच्या कापडण्याला असतात. आम्ही त्यांना अक्का म्हणतो. त्या आखाजी आली की फोन करतात, "औंदा तरी त्यानी घागर भर वं." मी भरत नाही. घागर भरली की माणूस गेला. मग कपाळावरचं कुंकूही गेलं. माझा नवरा आहे की नाही, हे मी मडक्यात पाणी ओतून ठरवू का?

२

या खेळात मोड असतात. क्रिएटिव्ह मोडमध्ये सगळं आयतं. ठोकळे संपत नाहीत, भूक लागत नाही, कुणी मारत नाही, वाटलं तर उडताही येतं. सर्व्हायव्हलमध्ये मात्र जगावं लागतं. खायला नसेल तर जीव जातो, आणि अंधार पडला की बाहेर नको ते फिरतं. मी कायम क्रिएटिव्हमध्ये. उपाशी राहण्याची हौस मला नाही.

मी तिथे बांधत काहीच नाही. एका खोलीतून दुसरीत जाते, ओट्यावर उभी राहते, बाहेरच्या लिंबाकडे बघते. स्वयंपाकघरात एक पेटी आहे, तिच्यात पाव भरून ठेवते. खेळात पोळी नाही, पावच आहे. घरात काहीतरी खायला असावं, एवढंच.

त्या दुपारी खेळता खेळता डोळा लागला. जाग आली तर अंगठ्याखाली भलतंच काही दाबलं गेलं होतं. पडद्याखाली जीव किती उरला ते दाखवणारी लाल बदामांची ओळ आली होती, तिच्या शेजारी भुकेची. सर्व्हायव्हल.

घर तेच होतं, पण गप्प नव्हतं. क्रिएटिव्हमध्ये मी एवढी फिरले, तिथे माझ्या पावलांशिवाय कधी काही वाजलं नाही. इथे चूल तडतडत होती. मी ती कधी पेटवलेली नव्हती. मी पेटी उघडली. मी काठोकाठ भरून ठेवलेली पेटी, आणि आत एकच पाव राहिलेला.

म्हटलं, झोपेत मीच दाबत बसले असेन. झोपेत माणूस काय काय करतं! मग आतल्या खोलीत गेले. तांबड्या पांघरुणाचा पलंग, रिकामा, सुरकुतीसुद्धा नाही. खेळात पलंगाला हात लावला की आपण झोपतो. मी हात लावला. खाली इंग्रजीत अक्षरं आली, या पलंगावर आधीच कुणी झोपलेलं आहे.

मी बघितलं. कुणी नव्हतं. पुन्हा हात लावला, पुन्हा तीच अक्षरं.

"कोण आहे?" मी मोठ्याने विचारलं. माझ्या घरात माझाच आवाज मला इतका परका वाटला की अंगावर काटा आला. मी घाईघाईने क्रिएटिव्हमध्ये परतले. चूल विझली, घर चिडीचूप झालं. पेटीत पाव मात्र एकच होता.

३

आमच्या शाळेत नूतन मॅडम कॉम्प्युटर शिकवतात. त्यांना फोन लावला. भाच्याच्या खेळाविषयी विचारतेय असं सांगितलं. मला भाचा नाही.

"पलंग रिकामा नाही, असं कधी म्हणतो हो खेळ?"

"दुसरा प्लेअर त्यावर झोपला असेल तर."

"आणि नेट बंद असेल तर? खेळणारं एकटंच असेल तर?"

"मग दुसरं कोण येणार, मॅडम? बिघाड असेल. डिलीट करून परत टाका म्हणावं."

डिलीट करा म्हणे! माझं एकुलतं एक घर.

मी विज्ञानाची बाई. पोरांना सांगते, भ्यायचं नाही, प्रयोग करायचा. क्रिएटिव्हमध्ये पेटी भरली आणि सकाळपासून दुपारपर्यंत तशीच ठेवली. एक पाव हलला नाही. मग सर्व्हायव्हल लावला आणि स्वयंपाकघराच्या भिंतीपलीकडे, मोरीत जाऊन उभी राहिले. टॅब कानाशी धरला. बराच वेळ काही नाही, नुसती चूल. मग दार वाजलं. लाकडावर पावलं आली, सावकाश, मध्येच थांबणारी. पेटीचं झाकण कुरकुरलं. पुन्हा पावलं, पुन्हा दार. मी आत गेले तर स्वयंपाकघर रिकामं, आणि पेटीत एक पाव.

प्रयोग पुन्हा केला. रोज केला. किती का भरेना, शेवटी एक राहायचाच.

आमचे हे ताटात शेवटचा घास ठेवायचे. माझी चिडचिड व्हायची, अन्न टाकू नका म्हणून. "टाकत नाही गं," म्हणायचे, "घरात मागाहून कुणी आलं तर ताट कोरडं दिसू नये."

मी टॅब पोटाशी धरून ढसाढसा रडले. दोन वर्षांत अशी रडले नव्हते. भीती बीती कुठच्या कुठे गेली. तुम्ही म्हणाल बाईला वेड लागलं. लागू दे ना! हे तिथे आहेत, चूल पेटवताहेत, झोपताहेत, जेवताहेत. ज्याला भूक लागते तो जिवंत असतो, हे तर मी सहावीच्या पोरांना शिकवते.

मग माझी दुपार दुपार राहिली नाही. जेवण झालं की मी केस विंचरायचे, टॅबपुढे बसायचे, क्रिएटिव्हमध्ये पेटी भरायचे. पाव, सफरचंदं, यांना आवडतात म्हणून डांगरं. खेळात डांगरंही आहेत. मग सर्व्हायव्हल लावून मोरीत उभी राहायचे आणि ऐकायचे. एकदा म्हटलंसुद्धा, "अहो, मी आहे." पावलं थांबली. मग नेहमीपेक्षा घाईने निघून गेली. लाजले असतील, असं मी मनाला सांगितलं.

४

अक्कांचा फोन आला तेव्हा मी आनंदात होते, म्हणून जीभ सैल सुटली.

"अक्का, घागर नाही भरायची. हे जिवंत आहेत."

"कोनी सांगं तुले?"

टॅबचं काय सांगणार? म्हटलं, "यांच्यासाठी मी रोज खायला ठेवते. रोज खाऊन जातात."

फोनवर अक्कांच्या अंगणातला कोंबडा ऐकू येत होता.

"तो मांगस का?" त्यांनी विचारलं.

"काय?"

"खावाले मांगस का तो? आवाज देस का तुले?"

"नाही."

"मंग ऐक, पोरी. जित्ता माणूस मांगीसन खास. ठेयेल शे ते न मांगता, न बोलता खाई जास, तो पितर ऱ्हास."

मी काहीतरी उलट बोलणार होते. जिवंत माणूस मागून खातो, आरडाओरडा करून खातो, मीठ कमी आहे म्हणून खातो. यांनी माझ्या हातचं काय कधी गुपचूप खाल्लं होतं?

"मना भाऊले तीस लागी असीन वं," अक्का रडायला लागल्या. तीस म्हणजे तहान. "बठ्ठा गाव माले इचारस, भाऊनी घागर कधी भरशात? मी येस आखाजीले. घागर मी लई येस. भरनी मातर तुन्हाज हाते पडी."

"आणि मी भरली म्हणजे?"

"मंग तो सुटना, तू बी सुटनी." मग नाक ओढून म्हणाल्या, "मन्ही माय नशीबनी. सवाष्ण गई. तिन्ही घागरवर आम्ही हिरवा खण ठेवतस, लाल फूल ठेवतस. तुन्हं तसं नशीब नई, पोरी. काय करवा?"

नवऱ्याच्या आधी गेलेल्या बाईच्याच घागरीवर तो हिरवा खण असतो. मी फोन ठेवला. कुलर घरघरत होता आणि मला घाम फुटला होता. विज्ञानात असं होतं. निरीक्षण एकच असतं, निष्कर्ष दोन निघतात. मी मला हवा तो काढला होता.

५

आखाजीच्या दिवशी पुरण शिजवून ठेवलं. अक्का धुळ्याहून एसटीने निघाल्या होत्या. ऐन दुपारी लाईट गेली. कुलर थांबला आणि घर असं गप्प झालं की मला खेळातलं क्रिएटिव्ह आठवलं.

मला बघायचं होतं. अक्का यायच्या आत एकदा यांचं तोंड बघायचं होतं. जिवंत दिसले तर घागर परत पाठवीन. नाही दिसले तर भरीन, माझ्या हाताने भरीन.

तिसरा एक मोड आहे. नूतन मॅडमनी बोलता बोलता सांगितला होता. स्पेक्टेटर. त्यात आपल्याला हात नाहीत, पाय नाहीत. भिंतीतून आरपार जाता येतं. काही उचलता येत नाही, कुणाला आपण दिसत नाही. नुसतं बघायचं.

मी तो लावला. पडद्यावरचा माझा हात नाहीसा झाला. मी मोरीच्या भिंतीकडे सरकले आणि भिंतीतून गेले. क्षणभर नुसता दगड दिसला, आतून. मग स्वयंपाकघर.

चूल पेटलेली होती. दारात, माझ्याकडे पाठ करून, एक माणूस बसला होता. डोक्यावर साइटवरची पिवळी टोपी. खांदा एका बाजूला जरा उतरलेला, यांचा उतरतो तसाच. ठोकळ्यांच्या माणसाचा खांदा उतरत नाही, हे मला माहीत आहे. मी जे बघितलं ते सांगते.

"अहो," मी म्हटलं.

मी त्यांच्या पुढे जायला निघाले. तोंड दिसायला हातभर अंतर राहिलं असेल, तेव्हा ते ज्याकडे बघत होते ते मला दिसलं.

दारापुढच्या ओट्यावर मी दिलेला प्रत्येक पाव मांडून ठेवला होता. एकही खाल्लेला नव्हता. ओळीने, नीट, यांची कामं असतात तशी दोरी लावल्यासारखी. सफरचंदं होती. आणि मधोमध पाण्याने काठोकाठ भरलेलं भांडं, वर माझंच डांगर. त्याच्यावर हिरव्या कापडाचा तुकडा. आणि एक लाल फूल.

मी किती वेळ बघत राहिले कोण जाणे. या घरात दुसरी बाई कधी नव्हतीच.

मग कळलं. मी त्यांच्या घरात कशी येत होते? मला भूक लागत नव्हती. मला मार बसत नव्हता. हवेतून पाव काढून पेटीत ठेवत होते, जमिनीला पाय न लावता फिरत होते, भिंतीआडून हाका मारत होते. त्या घरात जगणाऱ्या माणसाला मी कोण वाटले असेन?

दारातला माणूस उठला. मान खालीच. त्याने हात जोडले आणि दारातून बाजूला झाला. घागर मांडली की आमच्याकडे असंच बाजूला व्हायचं असतं, पितराच्या वाटेत उभं राहायचं नसतं. टोपीखाली तोंड मला दिसलंच नाही.

६

मी सर्व्हायव्हल लावला. माणूस दिसेनासा झाला. भांडं मात्र तिथेच होतं, डांगर, फूल, हिरवं कापड सगळं. माझा हात परत आला होता. खाली भुकेची ओळ रिकामी होत आली होती. भांड्यापाशी गेल्यावर पडद्यावर अक्षरं आली, पिता येईल.

मला सगळं समजत होतं, मी काही खुळी नाही. दुसऱ्याने आपल्या नावाने भरलेली घागर पिणारं माणूस कोण असतं, ते अक्कांनी सांगितलं होतं. पण दोन वर्षं माझ्यासाठी कुणी काही भरून ठेवलं नव्हतं हो. पेलाभर पाणी नाही. मागे, लाकडावर, कुणीतरी अवघडून उभं असल्यासारखा आवाज आला. मला इतकं एकटं वाटत होतं की मी विचार केलाच नाही.

मी प्याले. घोट गिळल्याचा आवाज टॅबमधून आला की माझ्या घशातून, ते मला नाही सांगता येणार. पाणी गार होतं.

अक्का आल्या तेव्हा मी कॉटवरच होते. लुगडं घामाने अंगाला चिकटलेलं, डोक्यावर फडक्यात बांधलेली घागर, आल्या आल्या ओरडल्याच.

"अवं, कशी बठेल शे तू या भट्टीमा! लाईट नई, पंखा नई, दार लायेल!"

मी म्हटलं, "उकडत नाहीये अक्का." खरंच उकडत नव्हतं.

त्यांनी माझा हात धरला आणि सोडून दिला. मग पुन्हा धरला. "तुन्हं आंग ते माठना मायक गार शे. ताप ते नई ना?" कपाळाला हात लावला, गालाला लावला. त्यांच्या बोटांचा घाम माझ्या गालावर राहिला. माझा स्वतःचा थेंबभर नव्हता.

"तुम्ही बसा, पाणी घ्या," मी म्हटलं.

त्या दोन पेले घटाघट प्यायल्या. एक माझ्यापुढे केला, मी नको म्हटलं. तहान नव्हती. सकाळपासून मी काही खाल्लं नव्हतं आणि भूकही नव्हती. पुरणाचा वास घरभर होता. तो मला वास म्हणून कळत होता, बाकी काही नाही.

देवघरापुढे अक्कांनी पाट मांडला. नवी घागर पाटावर ठेवली, पिशवीतून डांगर काढलं, आणि भीत भीत माझ्याकडे बघितलं. भांडायची तयारी करून आल्या होत्या बिचाऱ्या.

"आते तरी भरशी ना, पोरी?"

"भरते," मी म्हटलं.

त्यांना हुंदका फुटला. माझ्या दंडाला धरून त्या बराच वेळ रडल्या, "मना भाऊ, मना भाऊ" करत. मी त्यांच्या पाठीवरून हात फिरवत होते. मला रडू येत नव्हतं. इतकं हलकं मला लग्नानंतरच्या पहिल्या दिवसांतसुद्धा वाटलं नव्हतं.

मग मी स्वयंपाकघरात गेले, आमचा प्यायच्या पाण्याचा माठ रिकामा केला, पुसला आणि आणून घागरीच्या शेजारी पाटावर ठेवला.

"हाई काय?" अक्कांनी डोळे पुसत विचारलं.

"दोन भरायच्यात."

"दुसरी कोनी वं?"

मी कपाटातून साडी-चोळीचं गाठोडं काढलं आणि त्यांच्या मांडीवर ठेवलं. "यातला हिरवा खण बघून काढा, अक्का. दुसरीवर तो ठेवायचा आहे."